गिलाव्याखालची वीट

सातारा आणि सांगली जिल्ह्यांतल्या आपल्या वस्त्यांमधून फिरताना एक प्रकार आम्ही वारंवार पाहतो. जुने विटांचे घर असो, धर्मांतरानंतर वर्गणी काढून बांधलेले पहिले छोटे विहार असो किंवा एखाद्या जुन्या बोर्डिंगची इमारत असो. तिच्या बाहेरच्या भिंतीचा गिलावा सुटला, विटा झिजल्या की समितीची बैठक बसते आणि बैठकीत दोनच प्रस्ताव येतात. पैसा असेल तर पाडा आणि स्लॅबचे बांधा. पैसा नसेल तर वरून सिमेंट थापा, रंग मारा आणि १४ एप्रिलच्या आत काम उरका. भिंतीला नेमके झाले काय, ती कशात बांधली होती, कोणी बांधली होती, हे कुणी विचारत नाही.

विचारलेच तर उत्तर ठरलेले असते. जुन्याचे कौतुक वाडेवाल्यांनी करावे, आपल्या जुन्यात होते काय? कुडाची झोपडी आणि गावकुसाबाहेरची जागा. या उत्तरात सत्याचा मोठा भाग आहे, त्यामुळे ते झटकून पुढे जाता येणार नाही. पण इतिहास नीट पाहिला तर हेच उत्तर जुनी भिंत राखण्याच्या बाजूने साक्ष देऊ लागते, असे आमचे स्पष्ट मत आहे.

घर कशाचे असावे हा प्रश्न या देशात केवळ ऐपतीचा कधीच नव्हता. मनुस्मृतीच्या दहाव्या अध्यायात चांडाळांनी गावाबाहेर राहावे, फुटकी भांडी वापरावीत असे सांगितले आहे. २५ डिसेंबर १९२७ रोजी महाडला जाळला गेला तो हाच ग्रंथ. बाबासाहेबांनी अस्पृश्यांविषयीच्या आपल्या इंग्रजी लेखनात गावगाड्याच्या अलिखित कायद्याची एक यादी दिली आहे. अस्पृश्याने काय केले म्हणजे तो गुन्हा ठरतो, याची ती यादी. जमीन किंवा जनावरे मिळवणे, स्वच्छ कपडे घालणे, पायात जोडा, अंगावर सोने. याच यादीत कौलारू छपराचे घर बांधणे हाही गुन्हा म्हणून नोंदवला आहे. ही नोंद आपल्या भाषणांत फारशी येत नाही. पाणी आणि मंदिर यांवर आपण पुष्कळ बोललो, भिंत आणि छप्पर यांवर फार कमी.

कौलाची एवढी भीती का वाटावी? कारण कौल एकटे येत नाही. गवताचे, पाचटाचे छप्पर चार मेढींवर आणि कुडावर टिकते. कौलांचे वजन पेलायला सरळ, भक्कम भिंत लागते. भिंत आली की जोते आले, जोते आले की माणूस जागेवर हक्क सांगू लागतो. बहिष्कार घातला की चार दिवसांत उठून जाणारा माणूस गावाला हवा होता. भाजक्या विटेच्या घरातला माणूस तसा उठत नाही. म्हणून कौलाच्या बंदीत पक्क्या भिंतीची बंदी आपोआप आली.

दुसरी बाजू याहून विदारक आहे. महारांच्या वतनी कामांच्या याद्या पाहा. त्यांत सांगावा पोचवणे, सारा घेऊन जाणे, मेलेले जनावर ओढणे यांबरोबरच चावडीची आणि गावकुसाची डागडुजी हेही काम येते. म्हणजे ज्याच्या हाताने गावाची भिंत दुरुस्त व्हायची, त्याचे घर त्या भिंतीच्या बाहेर! सांगली जिल्ह्यातल्या आटपाडीचे शंकरराव खरात यांनी ‘तराळ-अंतराळ’ या आत्मचरित्रात ही महारकी आतून दाखवली आहे. तराळाचा हा मुलगा पुढे मराठवाडा विद्यापीठाचा कुलगुरू झाला, हे आपल्या तरुणांना ठाऊक असते. त्याच्या बापाच्या पिढीने गावाचे काय काय सावरले, हे फारसे ठाऊक नसते. वतनाविरुद्ध बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबई कायदेमंडळात विधेयक मांडले. वतने कायद्याने रद्द व्हायला १९५८ साल उजाडावे लागले. तोवर ही डागडुजी हक्काची फुकट मजुरी होती.

आता वाड्यांच्या भिंतीकडे वळू. पुणे-सातारा पट्ट्यातल्या वाड्याची रचना साधारण ठरलेली असते. खाली घडीव दगडाचे जोते, वर भाजकी वीट, आत सागवानी खांब आणि तुळया, बाहेरून चुन्याचा गिलावा. वारसाफेरीत हे सगळे एखाद्या सरदाराच्या किंवा सावकाराच्या नावावर सांगितले जाते. वास्तविक त्या भिंतीतली प्रत्येक वस्तू कुणाच्या हातून गेली आहे ते पाहा. माती मळून वीट पाडणारा कुंभार. दगड फोडणारा वडार आणि बेलदार. भट्टी लावून चुना भाजणारा लोणारी. ओझी वाहणारे महार-मांग. यांत एकही हात सावकाराचा नाही.

आणि चुन्याचे काम म्हणजे नुसती मजुरी होती असे कुणी समजू नये. ते शास्त्र होते. शेतातले, ओढ्यातले चुनखडीचे खडे वेचायचे, भट्टीत थर लावून भाजायचे. त्यातून निघतो तो कळीचा चुना. तो पाण्यात टाकला की उकळतो, फुटतो. तो विरवून खड्ड्यात पाण्याखाली आठवडे, जमल्यास महिने मुरत ठेवायचा. मग चुन्याच्या घाणीत, बैलाने फिरणाऱ्या दगडी चाकाखाली, वाळूबरोबर मळायचा. ओलीची जागा असेल तर वाळूत सुरखी, म्हणजे भाजक्या विटेची भुकटी मिसळायची. त्यामुळे चुना ओलीतही घट्ट होतो. कुठे गुळाचे पाणी, कुठे बेलफळाचा गर, कुठे हिरडा, चिरा पडू नयेत म्हणून तागाचे तुकडे. हे कुठल्या पोथीत लिहिलेले नव्हते. ज्यांना लिहू दिले नाही त्यांच्या हातात ते होते. एका पिढीने हात थांबवले की संपणारे ज्ञान हे असे असते, आणि आज ते संपत आले आहे.

आपल्या चळवळीच्या आद्यपुरुषाला हे सारे माहीत होते. महात्मा फुले हे बांधकामाचे ठेकेदार होते, ही गोष्ट आपण ‘ते उद्योजकही होते’ एवढ्या वाक्यात उरकतो. फुल्यांचे मूळ गाव सातारा जिल्ह्यातले कटगुण, सावित्रीमाईंचे माहेर खंडाळा तालुक्यातले नायगाव. पुणे कमर्शियल अँड कॉन्ट्रॅक्टिंग कंपनीतून त्यांनी सरकारी बांधकामांना दगड, चुना, विटा पुरवल्या. खडकवासल्याच्या धरणाच्या कामाशीही त्यांचा संबंध होता. मजूर कुठल्या जातीचे, मस्टर कोण लिहितो, पैसा कुठे झिरपतो, हे त्यांनी खाणीवर आणि भट्टीवर उभे राहून पाहिले. १८७३ च्या ‘गुलामगिरी’त इंजिनिअर खात्यातल्या भटशाहीवर त्यांनी जो हल्ला चढवला, त्यामागे हा अनुभव आहे.

साताऱ्यात तर हा धागा थेट बाबासाहेबांच्या घरापर्यंत येतो. सुभेदार रामजी लष्करातून निवृत्त झाल्यावर दापोलीहून साताऱ्याला आले ते बांधकाम खात्यात भांडारपालाची नोकरी घेऊन. बांधकाम खात्याच्या भांडारात काय असायचे? अवजारे, दोर, घमेली, चुना, लाकूड. कबीरपंथी रामजींच्या घरची शिस्त आपण वाचतो, पण त्यांचा रोजचा संबंध बांधकामाच्या मालाशी होता हे लक्षात घेत नाही. भीमाईंचे निधन साताऱ्यातच झाले. पुढे रामजी खटाव तालुक्यातल्या गोरेगावला खजिनदार म्हणून गेले, तिथे दुष्काळग्रस्तांना काम देण्यासाठी सरकारने तलाव खोदायला घेतला होता. १९०१ साली त्यांना भेटायला निघालेल्या लहानग्या भिवाला मसूर स्टेशनवर काय भोगावे लागले, ते ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’मध्ये आहे. बाप सरकारच्या तलावाच्या पैशाचा हिशेब सांभाळतो आणि मुलाला वाटेत कुणी पाणी देत नाही, हा त्या काळाचा हिशेब.

७ नोव्हेंबर १९०० रोजी भिवा रामजी आंबेडकर हे नाव सातारच्या सरकारी हायस्कूलच्या रजिस्टरात १९१४ या क्रमांकावर नोंदवले गेले. हे हायस्कूल, म्हणजे आजचे प्रतापसिंह हायस्कूल, राजवाड्यात भरत होते. हा दिवस आता विद्यार्थी दिवस म्हणून साजरा होतो आणि दरवर्षी आपण तिथे अभिवादनाला जातो. रजिस्टरची ती नोंद आपल्याला पाठ आहे. तसेच त्या इमारतीच्या भिंतींकडेही पाहायला हवे, असा आमचा आग्रह आहे. वर्गात गोणपाटावर वेगळे बसवलेला तो मुलगा ज्या भिंतींच्या आत होता, त्या भिंती हा या घटनेचा दुसरा पुरावा आहेत. कागद काचेत ठेवता येतो. भिंत उन्हापावसात उभी असते. तिची डागडुजी चुकली तर पुरावाच जातो.

डागडुजी करणाऱ्याच्या हाती हळूहळू मालकी जाते, हे सगळ्यात ठळकपणे दिसते बोधगयेला. महाबोधी महाविहार हे विटांचे बांधकाम आहे, वर चुन्याचा गिलावा आणि त्यात घडवलेले नक्षीकाम. ते मोडकळीला आले तेव्हा पहिल्यांदा धावून आले ब्रह्मदेशचे बौद्ध. १८७७ साली राजा मिंडोनने माणसे आणि पैसा पाठवला. काम पद्धतशीर नाही, जुने अवशेष हलवले जात आहेत, अशी तक्रार झाली आणि राजेंद्रलाल मित्र यांना पाहणीसाठी पाठवण्यात आले. त्यानंतर १८८० च्या दशकात कनिंगहॅम आणि बेग्लर यांच्या देखरेखीखाली सरकारने मोठी दुरुस्ती केली. बौद्धांनी सुरू केलेली दुरुस्ती सरकारकडे गेली, ताबा महंताकडे राहिला, आणि १८९१ साली अनागारिक धर्मपाल तिथे पोचले तेव्हा त्यांना आपल्याच विहारात परका म्हणून उभे राहावे लागले. १९४९ च्या कायद्याने व्यवस्थापन समितीत बौद्ध आणि हिंदू निम्मे-निम्मे ठेवले, त्याविरुद्धची लढाई आजही चालू आहे. त्या लढाईत जाणाऱ्या प्रत्येक कार्यकर्त्याने दुरुस्तीचा हा भाग जरूर वाचावा. गिलावा कोणी केला, यावरून पुढे शंभर वर्षे भांडण चालू शकते.

सारनाथला तर विटाच पळवल्या गेल्या. १७९४ साली बनारसच्या जगतसिंगाने धर्मराजिक स्तूप खणून त्याच्या विटा जगतगंजचा बाजार बांधायला नेल्या. आत सापडलेल्या अस्थी गंगेत सोडल्या. बुद्धाचा स्तूप गेला आणि बाजार उभा राहिला. त्या बाजाराच्या भिंतींवरही कुणीतरी गिलावा केलाच असेल आणि खालच्या विटा दिसेनाशा झाल्या असतील.

आता आपल्या भिंतींकडे येऊ, कारण तिथे आज काहीतरी करता येण्यासारखे आहे.

आपल्या वस्त्यांतली १९८० च्या आधीची बहुतेक विटांची बांधकामे मातीत किंवा चुन्यात आहेत. त्याला साधे कारण आहे. सिमेंट तेव्हा परमिटवर मिळायचे. १९८२ साली महाराष्ट्राच्या मुख्यमंत्र्यांना सिमेंट वाटपाच्या प्रकरणात पद सोडावे लागले, यावरून त्या पोत्याची किंमत कळावी. ज्याची मंत्रालयात ओळख नाही त्याला चुना आणि माती हाच आधार होता. त्याच वर्षी नियंत्रण सैल झाले आणि पुढे सिमेंट गावोगाव पोचले. पाहता पाहता गवंडी चुना विसरले. सिमेंट म्हणजे पक्के आणि चुना म्हणजे कच्चे, असे समीकरण रूढ झाले. हे समीकरण नव्या घराला कदाचित चालेल. जुन्या भिंतीला ते घातक आहे.

भिंत कशी बिघडते ते नीट समजून घ्यावे लागेल. जुनी वीट मऊ असते आणि पाणी पिते. जोत्याखालून ओल वर चढते, पावसाचे पाणी बाहेरून मुरते. चुन्याच्या सांध्यांतून आणि चुन्याच्या गिलाव्यातून ही ओल पुन्हा बाहेर पडते, भिंत वाळते. ओलीबरोबर मातीतले खारही वर येतात आणि पांढरे होऊन पृष्ठभागावर बसतात. त्याला आपण लोणा लागला म्हणतो. लोणा चुन्याच्या गिलाव्यावर आला तर गिलावा झिजतो, वीट वाचते. गिलाव्याने झिजायचे आणि विटेने टिकायचे, अशीच ती योजना असते. आता याच भिंतीवर सिमेंटचा कडक थर बसवा. ओलीची वाट बंद. खार थराच्या मागे, विटेच्या तोंडाशीच गोळा होतात, तिथेच त्यांचे खडे बनतात आणि विटेचे तोंड आतून फुटू लागते. बाहेरून भिंत गुळगुळीत दिसते. पाचसहा पावसाळ्यांनी सिमेंटचा थर पापडासारखा सुटतो आणि सोबत विटेचा भुगा घेऊन येतो. मग समिती म्हणते, भिंत संपली, पाडा. भिंत संपली नव्हती, ती संपवली गेली.

सांगलीच्या पूरपट्ट्यात हे आम्ही डोळ्यांनी पाहिले आहे. आयर्विन पुलापाशी कृष्णेची धोक्याची पातळी ४५ फूट. ऑगस्ट २०१९ मध्ये पाणी ५७ फुटांवर गेले. त्याआधी २००५, त्यानंतर २०२१. भिलवडी, अंकलखोप, ब्रह्मनाळ, हरिपूर या पट्ट्यात पाणी शिरले की पहिल्यांदा कुठल्या वस्तीत शिरते हे सांगायची गरज नाही. सखल जागा आपल्या वाट्याला कशी आली, तो इतिहास वर येऊन गेला. पूर ओसरल्यावर पुढाऱ्यांच्या भेटी, पंचनामे आणि मग सणाच्या आत भिंती ‘नीट’ करण्याची घाई. पाणी प्यायलेली विटेची जाड भिंत वाळायला महिने लागतात. ती ओली असतानाच वरून सिमेंट मारले की पाणी आत कोंडते. पुढच्या वर्षी त्या भिंतींना पोपडे आले तेव्हा दोष विटेला दिला गेला.

याचा अर्थ प्रत्येक जुनी भिंत वाचवलीच पाहिजे असा आमचा हट्ट नाही. ११ डिसेंबर १९६७ च्या कोयनेच्या भूकंपात याच सातारा जिल्ह्यात, पाटण तालुक्यात, माती-दगडाच्या जड भिंतींखाली माणसे गेली. ओळंब्यातून झुकलेली, कोपऱ्यातून फाटलेली, आरपार चीर गेलेली भिंत ही गिलाव्याने झाकायची गोष्ट नव्हे. तिथे इंजिनिअर बोलवावा आणि त्याचे ऐकावे. आमचे म्हणणे त्या असंख्य भिंतींबद्दल आहे ज्या सरळ उभ्या आहेत आणि केवळ अंगावरून झिजल्या आहेत.

अशा भिंतीचे काम करायचे तर सुरुवात पाण्यापासून करावी. पागोळ्या भिंतीवर पडतात का, पन्हळ फुटली आहे का, जोत्यापाशी माती किंवा काँक्रीट चढून ओल अडते आहे का. हे आधी दुरुस्त केले नाही तर वरचे सगळे काम वाया. मग हातोडीच्या दांड्याने हलके ठोकत भिंतभर फिरावे. जिथे पोकळ आवाज येतो तिथलाच गिलावा काढावा, घट्ट बसलेला सोडून द्यावा. आधी मारलेले सिमेंट काढताना मोठी मशीन लावू नये. छिन्नी-हातोडीने, विटेचे तोंड सांभाळून काढावे. विटेसकट येत असेल तर तिथे थांबावे. सैल सांधे बोटभर खोल उकरावेत, ब्रशने झाडावेत, पाणी मारावे आणि मुरलेला चुना व धुतलेली जाडीभरडी वाळू, एकास अडीच-तीन, या मापाने दाबून भरावेत. भुगा झालेली वीट काढून तिच्याच मापाची जुनी वीट बसवावी. पाडलेल्या घरांच्या विटा गावात मिळतात, विकत घेण्याआधी विचारावे. लोणा असेल तर तो कोरड्या ब्रशने झाडून गोळा करून दूर टाकावा. पाण्याने धुतला की परत आत जातो.

गिलावा दोन थरांत. पहिला थर खरखरीत ठेवून त्यावर रेघा ओढाव्यात, तो घट्ट झाल्यावर दुसरा. एकेक थर बोटाच्या पेराहून जाड नको. उन्हाच्या तोंडावर काम करू नये, वर ओले गोणपाट टांगावे आणि काही दिवस ते ओलेच ठेवावे. चुना हवेतून हळूहळू दगड होत जातो, त्याला घाई चालत नाही. वरून प्लास्टिकचा रंग लावला तर सगळी मेहनत फुकट, कारण तोही ओल अडवतो. चुन्याचीच सफेदी द्यावी. आपल्या लोकांना निळी भिंत हवी असते, आम्हालाही हवी असते. चुन्यात नीळ घालून आपल्या आयाबाया पिढ्यान्‌पिढ्या देत आल्या तीच. ती दोन-तीन वर्षांनी पुन्हा द्यावी लागते, एवढाच तिचा दोष.

चुन्याचे काम परवडत नाही, असे सांगितले जाते. मजुरी जास्त लागते हे खरे. पण पैसा जातो कुठे ते पाहा. सिमेंट आणि ग्रॅनाइटच्या बिलातला पैसा दुकानदाराकडे आणि कारखान्याकडे जातो. चुन्याच्या कामातला पैसा गवंड्याच्या, बिगाऱ्याच्या हातात जातो, आणि ते हात बहुतेक आपलेच असतात. कर्मवीर भाऊराव पाटलांनी १९२४ साली साताऱ्यात सर्व जातींच्या मुलांचे बोर्डिंग सुरू केले, त्यात मुलांच्या श्रमाला शिक्षणाइतकेच स्थान होते. आपल्या विहारांतून अभ्यासिका चालतात, स्पर्धा परीक्षांचे वर्ग चालतात. चार मुलांना एखाद्या म्हाताऱ्या गवंड्याच्या हाताखाली महिनाभर चुन्याचे काम शिकवायला काय हरकत आहे? मात्र त्याची मजुरी रोख द्यावी. फुकट डागडुजीचा इतिहास आपल्याला पुरेसा झाला.

चळवळीतल्या ज्येष्ठांना एक प्रश्न विचारायचा आहे, राग आला तरी चालेल. २५ जून २०१६ च्या पहाटे दादरचे आंबेडकर भवन आणि बुद्धभूषण प्रिंटिंग प्रेस जमीनदोस्त झाले तेव्हा आपण रस्त्यावर उतरलो. जुलैमध्ये मुंबईत प्रचंड मोर्चा निघाला. त्या जागी काय मोठे होणार होते याचे चित्र दाखवले गेले, तरी आपला संताप शमला नाही, कारण बाबासाहेबांचा छापखाना ज्या भिंतींत चालला त्या भिंतीच आपल्याला हव्या होत्या. पुण्यातला भिडेवाडा वर्षानुवर्षे खटल्यात आणि ओलीत कुजत राहिला. डिसेंबर २०२३ मध्ये स्मारकासाठी तो पाडावा लागला, कारण उभा ठेवण्याजोगा तो उरलाच नव्हता. लंडनमधले बाबासाहेबांचे घर राज्य सरकारने २०१५ साली विकत घेतले, ते घर म्हणूनच जपले. पाडून तिथे घुमट उभारा असे कुणी म्हटले नाही. मग आपल्या तालुक्यात, आपल्या वस्तीत हा न्याय का लागू होत नाही? मुंबईत भिंत पडली की अन्याय आणि गावात आपणच पाडली की विकास, हे कसे?

वाळवा तालुक्यातल्या वाटेगावी मांगवाड्यात १ ऑगस्ट १९२० रोजी अण्णा भाऊ साठे जन्मले. त्या मांगवाड्याची मूळची मातीची भिंत आज विद्यार्थ्याला दाखवता आली असती तर अण्णा भाऊंच्या कथांतली माणसे कुठून आली, हे समजावायला व्याख्यान लागले नसते. रमाई आवासच्या २६९ चौरस फुटांत आज आपली कुटुंबे राहतात. पुष्कळ घरांना बाहेरून गिलावाच नाही, पैसा आतच संपतो. रस्त्याकडची एक भिंत गुळगुळीत आणि बाकी तीन उघड्या. या उघड्या विटाही उद्याचा इतिहास आहेत.

ज्या समित्यांना या वर्षी काम काढायचे आहे त्यांच्यासाठी वेळेचे गणित सांगतो. चुना पावसाळ्यातच भिजत घालावा, म्हणजे दिवाळीपर्यंत मुरेल. काम नोव्हेंबर ते फेब्रुवारी या काळात करावे, उन्हाळ्याचा कडाका आणि पाऊस दोन्ही टळतात. गिलावा काढण्याआधी भिंतीचे सगळ्या बाजूंनी फोटो घ्यावेत. देणगीदारांच्या जुन्या पाट्या, कुणी ओल्या चुन्यात बोटाने लिहिलेली नावे, साल, निळ्या रंगातले जुने ‘जय भीम’ हे जसे आहे तसे सोडून भोवतीनेच नवे काम करावे. वस्तीतल्या सत्तरी-ऐंशीच्या माणसांना बसवून विटा कुठल्या भट्टीवरून आल्या, डोक्यावरून कुणी वाहिल्या, वर्गणी किती जमली, कुणी अडवले, हे नावानिशी लिहून घ्यावे. बायकांना वेगळे विचारावे. पाणी आणि माती त्यांनीच वाहिलेली असते आणि पाटीवर त्यांचे नाव नसते. सांगलीकडच्या गावांनी २००५, २०१९ आणि २०२१ च्या पुराच्या रेषाही बाहेरच्या भिंतीवर मापून कोराव्यात. नवा थर ओला असतानाच खिळ्याने त्या ओढता येतात, वाळल्यावर छिन्नी लागते.